तो डबा भंगारात देऊ नका

झोहरा सेहगल म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर येते ती मिश्कील म्हातारी. ‘हम दिल दे चुके सनम’मधली आजी किंवा ‘चीनी कम’मध्ये खुद्द अमिताभ बच्चनला धारेवर धरणारी आई. तेव्हा बाई पंच्याण्णव वर्षांच्या होत्या. पण याच बाईंनी १९६४ साली, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, लंडनमध्ये बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या मालिकेत एक चिमुकलं काम केलं होतं. कथानकाचं नाव ‘मार्को पोलो’. एकूण सात भाग, २२ फेब्रुवारी ते ४ एप्रिल या काळात दर शनिवारी एक असे दाखवले गेले. त्यात बाईंच्या वाट्याला आली सेविकेची भूमिका.

ती भूमिका आज कोणालाच पाहता येत नाही. सातपैकी एकही भाग शिल्लक नाही.

पुढच्या वर्षी याच मालिकेच्या ‘द क्रुसेड’ या चार भागांच्या कथानकात त्या पुन्हा दिसल्या. या वेळी सुलतान सलाउद्दीनच्या महालातली सेविका, आणि पात्राला निदान नाव तरी होतं. त्या चारांपैकी पहिला आणि तिसरा भाग आहे, दुसऱ्या-चौथ्याचा पत्ता नाही. हे हरवलेले भाग १६ मिलिमीटरच्या फिल्मवर जगभर पाठवले गेले होते. त्यातली एखादी प्रत अजून कुणाच्या माळ्यावर, कुणाच्या गॅरेजमध्ये, कुणा निवृत्त माणसाच्या ट्रंकेत पडलेली असू शकते. हा लेख त्या डब्यासाठी आहे. लंडन, लेस्टर, सिंगापूर, मॉरिशस किंवा झांबियात तुमचं कुणी असेल, तर त्यांना वाचून दाखवा.

‘एका सेविकेच्या दोन-चार मिनिटांसाठी एवढा आटापिटा?’ असं कुणी म्हणेल. म्हणणारच. म्हणून आधी ती बाई कोण होती ते पाहू.

झोहराबाई लंडनला गेल्या १९६२ मध्ये, नाट्यशिक्षणाची शिष्यवृत्ती घेऊन. पण त्या काही शिकाऊ नव्हत्या. १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी जर्मनीत, ड्रेस्डेनला मेरी विगमनच्या शाळेत आधुनिक नृत्य शिकून घेतलं होतं. १९३५ पासून उदय शंकरांच्या नृत्यमंडळीबरोबर त्या देशोदेशी नाचल्या. १९४५ पासून चौदा वर्षं पृथ्वीराज कपूर यांच्या पृथ्वी थिएटरमध्ये त्या नोकरीला होत्या. मुंबईच्या ऑपेरा हाऊसमधले प्रयोग, मग दौरे, रेल्वेच्या डब्यातून सामानासुमानासह हिंदुस्थानभर भ्रमंती. ‘नीचा नगर’मध्ये त्यांचं काम आहे, आणि त्या चित्रपटाने १९४६ साली कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक वाटून घेतलं. ‘बाजी’ आणि ‘सीआयडी’ची नृत्यं त्यांनी बसवली. १९५९ मध्ये पती कामेश्वर सेहगल गेले, दोन मुलं पदरात होती. पृथ्वी थिएटरही १९६० मध्ये बंद पडलं.

एवढी शिदोरी घेऊन बाई लंडनला पोचल्या आणि काही काळ ओल्ड व्हिक रंगमंदिराच्या कपडेपटात काम करू लागल्या. ज्या बाईने ऑपेरा हाऊस गाजवलं होतं, ती दुसऱ्या नटांचे पोशाख सांभाळत होती. १९६४ मध्ये बीबीसीने किपलिंगच्या कथांवर मालिका काढली. तिच्यातल्या ‘द रेस्क्यू ऑफ प्लफल्स’ या भागातही त्या दिसल्या. त्यानंतरची बरीच वर्षं म्हणजे अशीच किडूकमिडूक कामं: एखादं वाक्य, एखादा प्रवेश, पडद्यावर नाव आलं तर आलं.

आता त्याच ‘मार्को पोलो’त मोठी कामं कुणाकडे होती ते बघा. क्रूर मंगोल सरदार झाला होता डेरेन नेस्बिट, लंडनचा गोरा नट. कुबलाईखान झाला होता मार्टिन मिलर, मध्य युरोपातून आलेला. ‘द क्रुसेड’मधला सलाउद्दीन होता बर्नार्ड के, तोही गोराच, चेहऱ्याला रंग फासून उभा. ब्रह्मदेशात जन्मलेली झिएनिया मर्टन ‘मार्को पोलो’तली चिनी मुलगी झाली, तेवढा एक सुखद अपवाद. बाकी आशियातली मोठी माणसं गोऱ्यांनी साकारायची आणि खऱ्या आशियाई कलावंतांनी मागे तबक घेऊन उभं राहायचं, हा तेव्हाचा रिवाज. कुणाला त्यात काही वावगंही वाटत नव्हतं. ‘मार्को पोलो’चा मुख्य दिग्दर्शक मात्र होता लखनौत जन्मलेला वारिस हुसेन, लेखिका अतिया हुसेन यांचा मुलगा. ‘डॉक्टर हू’ची अगदी पहिली कथाही त्यानेच केली होती आणि तेव्हा तो पंचविशीत होता. कॅमेऱ्यामागे एक आपला, कॅमेऱ्यापुढच्या कोपऱ्यात एक आपली, आणि मधे रंग फासलेला अख्खा दरबार.

मला हे पाहायचंय. वाचून भागत नाही. चौदा वर्षं मोठमोठी नाट्यगृहं हलवून सोडणारी नटी एका ओळीच्या भूमिकेत कशी उभी राहते, नजर कुठे ठेवते, तबक कसं धरते, गोऱ्या नटाच्या खोट्या अरबीपणाकडे पाहून तिच्या भुवया जरा तरी हलतात का, हे फक्त चित्रात दिसतं. आवाजात दिसत नाही, कागदावर तर नाहीच. ब्रिटिश पडद्यावरच्या आपल्या माणसांचा पहिला इतिहास नायक-नायिकांच्या भूमिकांत नाहीच मुळी. नोकर, आया, दुकानदार, बसवाहक, गारुडी यांच्या त्या चार-चार सेकंदांत तो आहे. ते सेकंद गेले की मग ‘आम्हाला चांगले आशियाई नट मिळत नव्हते’ असं म्हणणाऱ्याचं तोंड बंद करायला पुरावा उरत नाही.

हे भाग गेले कसे, तेही समजून घ्यायला हवं, कारण त्यातच ते सापडण्याची वाट आहे. त्या काळी कार्यक्रम दोन इंच रुंदीच्या व्हिडिओटेपवर ध्वनिचित्रमुद्रित होत. टेप भयंकर महाग. ती कापून संकलन करणं परवडत नसे, म्हणून अख्खा भाग नाटकासारखा जवळजवळ सलग खेळत जायचे, फार तर एखाद-दुसरा खंड घ्यायचा. ‘मार्को पोलो’ लंडनच्या लाइम ग्रोव्ह स्टुडिओत असाच आठवड्याला एक या गतीने उरकला गेला. प्रक्षेपण झालं की टेप पुसून पुन्हा वापरायची. यात दुष्टपणा नव्हता, काटकसर होती. शिवाय नटांच्या संघटनेचे करार होते. एकच कार्यक्रम पुन्हा पुन्हा दाखवला तर नव्या कामांवर गदा येईल या रास्त भीतीपोटी पुनर्प्रक्षेपणावर बंधनं घातलेली होती. म्हणजे छोट्या नटाची रोजीरोटी वाचवायला केलेल्या नियमानेच त्याच्या कामाची निशाणी पुसायला हातभार लावला. मग १९६९ च्या अखेरीस बीबीसीच्या मुख्य वाहिनीवर रंग आला आणि कृष्णधवल मालाला कुणी विचारेना. कार्यक्रम जपायचे कुठले हे ठरवणारा अधिकारी बीबीसीने नेमला तो थेट १९७८ मध्ये. तोपर्यंत व्हायचं ते होऊन गेलं होतं.

पण पुसण्याआधी एक गोष्ट घडत असे. परदेशी विक्रीसाठी टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावून १६ मिलिमीटरची प्रत काढली जायची. या प्रती ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, हाँगकाँग, सिंगापूर, नायजेरिया, झांबिया, मॉरिशस अशा ठिकाणी जात. एका केंद्राने दाखवून झाली की तीच प्रत पुढच्या देशाला. करार असा की मुदत संपली की प्रत परत करा किंवा नष्ट करा आणि तसं कळवा. कळवलं सगळ्यांनी. नष्ट मात्र सगळ्यांनी केली नाही. आळस म्हणा, दुर्लक्ष म्हणा, नाहीतर कोठीतल्या कुणा कारकुनाला आलेली दया म्हणा.

त्या दयेची फळं पुढे मिळत गेली. १९९२ च्या सुमारास हाँगकाँगहून एक संपूर्ण चार भागांची कथा परत आली. १९९९ मध्ये ‘द क्रुसेड’चा पहिला भाग न्यूझीलंडमधल्या एका फिल्म-संग्राहकाकडे निघाला आणि आपल्याकडे हरवलेलं काही आहे याची त्या माणसाला कल्पनाही नव्हती. नायजेरियात जोस शहरातल्या टीव्ही केंद्राच्या कोठीत अकरा भाग मिळाले, त्यांतले नऊ हरवलेल्या यादीतले होते. ही बातमी जाहीर झाली २०१३ मध्ये. १९८३ मध्ये दोन भाग लंडनमध्येच एका चर्चच्या तळघरात निघाले! लंडनने जे फेकलं ते जुन्या वसाहतींनी सांभाळलं, हे म्हणताना मला आसुरी नाही तरी थोडा आनंद होतो, लपवत नाही. तरीही त्या एका मालिकेचे जवळपास शंभर भाग अजून गहाळ आहेत, आणि ‘डॉक्टर हू’ला निदान जगभर चाहते तरी आहेत. त्या काळातली एकेकटी नाटकं, बालकार्यक्रम, हलक्याफुलक्या मालिका किती गेल्या त्याची गणतीच करायला नको. छोट्या नटांची कामं तिथेच जास्त होती.

हरवलेल्या भागांचा आवाज मात्र शिल्लक आहे. का? तर काही पोरांनी घरच्या टीव्हीपुढे टेपरेकॉर्डर ठेवून मुद्रण केलं होतं म्हणून. आणि ‘मार्को पोलो’ची स्थिरचित्रं? ती कथा तर आणखी मजेदार आहे. जॉन क्युरा नावाचा एक छायाचित्रकार १९४७ पासून वीसेक वर्षं टीव्हीच्या पडद्याचे फोटो काढायचा धंदा करत होता. कार्यक्रम चालू असताना एका भागाचे साठ-सत्तर फोटो घ्यायचे आणि दिग्दर्शकांना, नटांना विकायचे. व्हिडिओ नाही, कॅसेट नाही, आपण टीव्हीवर दिसलो हे घरी दाखवायला पुरावाच नाही, मग नट ते चिमुकले फोटो विकत घेत. वारिस हुसेननेही घेतले आणि घरी जपून ठेवले. त्याने दिग्दर्शित केलेल्या सहाही भागांचे फोटो आज आपल्याला बघायला मिळतात ते त्यामुळे. चौथा भाग दुसऱ्याने केला होता. त्याचे फोटो नाहीत.

याच्याहून स्पष्ट पुरावा कुठला हवा? जे वाचलं ते कुण्या संस्थेच्या धोरणामुळे वाचलं नाही, ते कुणाच्या तरी कपाटामुळे वाचलं. म्हणून तुमच्या कपाटाकडे मी आशेने पाहतोय.

गहाळ भागांची सजीवचित्रं हल्ली बीबीसी काढते. मूळ आवाज घ्यायचा आणि त्यावर कार्टून. चांगला उद्योग आहे, पोरांना कथा तरी कळते. पण नायकाचे शेकडो फोटो उपलब्ध असतात, त्याचा चेहरा बरोबर येतो. कोपऱ्यातल्या सेविकेचा चेहरा चित्रकाराला मनानेच काढावा लागतो. ज्यांच्यासाठी मी हे लिहितोय त्यांनाच तो उपाय लागू पडत नाही.

तर आता कामाचं बोलू.

डबा कसा ओळखायचा? पत्र्याचा किंवा प्लास्टिकचा गोल चपटा डबा, ताटाएवढा. आतली फिल्म अंगठ्याच्या रुंदीहून कमीच, एका किंवा दोन्ही कडांना भोकं. पंचवीस मिनिटांचा एक भाग म्हणजे सुमारे नऊशे फूट फिल्म, तेव्हा हाताला चांगलीच जड लागते. घरगुती सिनेमाच्या ८ मिलिमीटरच्या रिळापेक्षा ती दुप्पट रुंद असते, घोटाळा व्हायचं कारण नाही. झाकण उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर घाबरू नका, पण वेळही दवडू नका. ती फिल्म कुजायला लागलीय आणि शेजारच्या डब्यांनाही ते लागतं. ती बाजूला काढा, थंड आणि कोरड्या जागी ठेवा. उत्साहाच्या भरात जुन्या प्रोजेक्टरवर चढवू तर अजिबात नका. आकसलेली फिल्म दात्यांत अडकून फाटली की साठ वर्षं टिकलेली वस्तू एका संध्याकाळी संपेल. डब्यावरच्या चिठ्ठीचा, फिल्मच्या सुरुवातीच्या काही फुटांवर काही लिहिलं असेल तर त्याचा मोबाइलवर फोटो काढा. एवढंच पुरे. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा अभिलेखागार आहे, तो १९९३ पासून ‘मिसिंग बिलीव्ह्ड वाइप्ड’ नावाने अशाच सापडलेल्या कार्यक्रमांची जाहीर दर्शनं भरवतो. लेस्टरच्या डी मॉन्टफर्ट विद्यापीठाशी जोडलेला ‘फिल्म इज फॅब्युलस’ हा न्यास तर खासगी संग्राहकांच्या फिल्मची निगा राखण्यासाठीच उभा राहिला आहे. त्यांना तो फोटो पाठवा. डबा तुमचाच राहील. ते प्रत काढून घेतील.

फिल्म नसली तरी हात हलवत परत जाऊ नका. साठच्या दशकात ब्रिटनला गेलेल्या कित्येकांच्या घरी स्पूलचा टेपरेकॉर्डर होता. त्या स्पूलवर लताबाईंची गाणी असतील, लग्नातले मंगलाष्टकांचे सूर असतील, आणि कदाचित टीव्हीवर ‘आपल्यातलं कुणीतरी’ दिसलं म्हणून मुद्रित करून ठेवलेलं काहीतरी असेल. करारपत्रं, तालमीची बोलावणी, बीबीसीकडून आलेल्या मानधनाच्या पावत्या, ‘रेडिओ टाइम्स’ची कात्रणं, क्युराचे ते बोटभर फोटो, हे सगळं मोलाचं आहे. बीबीसीची जुनी कागदपत्रं रेडिंगजवळच्या कॅव्हरशमला जपलेली आहेत आणि ‘रेडिओ टाइम्स’च्या जुन्या सूच्या इंटरनेटवर कुणालाही शोधता येतात. पण त्या सूच्यांत छोट्या माणसांची नावं गळलेली असतात किंवा वेगवेगळ्या स्पेलिंगने विखुरलेली असतात. झोहराबाईंचंच आडनाव दोन-तीन तऱ्हांनी लिहिलेलं सापडतं. जे भाग उरलेत त्यांत गर्दीतला तो पगडीवाला कोण, ती साडीतली बाई कोण, हे सांगू शकणारी माणसं आता ऐंशी-पंच्याऐंशीच्या घरात आहेत. आजोबांना टॅबलेटवर जुना भाग लावून द्या आणि शेजारी वही घेऊन बसा. ‘अरे, हा तर आमच्या शेजारी राहायचा’ असं ते म्हणाले तर भाग तिथेच थांबवा, नाव लिहून घ्या.

संग्राहकांविषयी एक शब्द. त्यांच्यातले पुष्कळजण गप्प आहेत ते कद्रूपणामुळे नव्हे, भीतीमुळे. बॉब मंकहाउस हा ब्रिटनचा लाडका विनोदी नट फिल्म जमवायचा, म्हणून १९७९ मध्ये त्याला कोर्टात उभं केलं होतं. तो निर्दोष सुटला, पण धडा सगळ्यांनी घेतला. गंमत अशी की २००३ मध्ये तो गेल्यावर त्याच्याच खजिन्यातून हरवलेले कार्यक्रम निघाले. जी फिल्म कागदोपत्री कधीच नष्ट झाली आहे ती आपल्याकडे आहे हे कोण कबूल करील? म्हणून बीबीसीने नि:संदिग्ध शब्दांत, लेखी जाहीर करावं: फिल्म आणून द्या, ती कुठून आली हे विचारणार नाही, मूळ प्रत तुम्हाला परत मिळेल. या मागणीचं पत्र ब्रिटनमधल्या प्रत्येक मराठी मंडळाने आपल्या खासदाराला लिहावं. तो परवानाशुल्क भरणाऱ्यांचा हक्कच आहे.

आणि हे ‘त्यांचं’ काम आहे असं कृपा करून म्हणू नका. पुलंनी टेलिव्हिजनचे धडे घेतले ते बीबीसीतच, ‘अपूर्वाई’ आपल्याला मिळाली ती त्याच प्रवासातून. ‘मार्को पोलो’ दाखवला गेला त्याच १९६४ साली पुण्यात आपला राष्ट्रीय चित्रपट संग्रह सुरू झाला, आणि पी. के. नायरांनी जुन्या पेट्या, गोदामं, भंगारवाल्यांची दुकानं धुंडाळून तो कसा भरला हे आपण जाणतो. तरी २००३ च्या जानेवारीत पुण्यातच आग लागली आणि जुन्या चित्रपटांची रिळं भस्म झाली. जपणुकीची घाई काय असते हे मराठी माणसाला दुसऱ्या कुणी शिकवायची गरज नाही.

झोहराबाईंना पुढे यश मिळालं. १९७६-७७ मध्ये बीबीसीच्या ‘पडोसी’ मालिकेचे सव्वीस भाग त्यांनी केले, १९८४ मध्ये ‘द ज्युएल इन द क्राउन’मध्ये लेडी चॅटर्जी झाल्या, २०१० मध्ये पद्मविभूषण मिळालं, आणि १० जुलै २०१४ रोजी, वयाच्या एकशेदोनाव्या वर्षी दिल्लीत त्या गेल्या. त्यांचं नाव टिकेल. त्यांच्या शेजारी तबक घेऊन उभ्या असलेल्या, पुढे कधीच मोठ्या न झालेल्या माणसांचं काय? त्यांच्या हयातीतल्या साऱ्या कष्टाचा पुरावा कदाचित त्या एकाच डब्यात आहे.

लंडनच्या महाराष्ट्र मंडळाला माझी उघड विनंती आहे. मंडळ १९३२ पासून चालू आहे, डॉलिस हिलच्या वास्तूत गणपतीला सगळी लंडनभरची मंडळी जमतात. यंदाच्या उत्सवात प्रसादाच्या रांगेजवळ एक टेबल मांडा. त्यावर १६ मिलिमीटरच्या फिल्मचा हातभर तुकडा ठेवा, म्हणजे ती दिसते कशी हे लोकांना हातात घेऊन कळेल. एक वही ठेवा, नाव आणि फोन लिहून घ्यायला. स्कॅनर असलेला एखादा उत्साही तरुण बसवा, कागद तिथल्या तिथे स्कॅन करून मूळ प्रत ज्याची त्याला परत द्या. मॉरिशसच्या आणि सिंगापूरच्या मराठी मंडळींनी हेच आपापल्या गावी करावं, आणि स्थानिक टीव्ही केंद्रातून निवृत्त झालेला एखादा तंत्रज्ञ ओळखीचा असेल तर त्याला आवर्जून जेवायला बोलवावं. जेवण झालं की विचारा, जुन्या कोठीची किल्ली शेवटी कुणाकडे होती.